जावयाची पाठ

जमीन डलसीच्या आदिवासी लोकांची, आणि तिनं चित्रीकरणाला परवानगी दिली होती ती टेकडीच्या अलीकडची. लाल कातळ, कोरडी नदी, काय हवं ते टिपा म्हणाली होती. सिनेमावाल्या डंकननं मानही डोलावली होती. पण माणसाचं पोट भरतं, कॅमेऱ्याचं भरत नाही.

लांब एका खडकावर तिचा जावई क्लिफ्टन ड्रोन उडवत होता, नेहमीप्रमाणे तिच्याकडे पाठ करून. लेकीच्या लग्नापासून सासू-जावयानं एकमेकांचं तोंड पाहिलं नव्हतं, एक शब्द बोलले नव्हते. त्यांच्यात रीतच तशी. निरोप असला की मधे लेक असायची, आणि ती आज दवाखान्यात गेली होती.

"क्लिफ्टन, टेकडीच्या पलीकडं ने," डंकन वॉकीटॉकीवर म्हणाला. "काहीतरी चमकतंय तिथं."

चमकत होता तो पाणवठा, हे डलसीला ठाऊक होतं. ते पाणी बायांच्या विधींचं. पुरुषाच्या नजरेला पडायचं नाही, आणि तिथं काय आहे हे पुरुषाला सांगायचंही नाही.

"पुरे आता. खाली घ्या ते."

"दोनच मिनिटं, मावशी. असा उजेड परत मिळायचा नाही. काय आहे पलीकडं?"

"दगड."

"मग दगडच काढू की. नको असेल तर जावयाला सांगा तुमच्या."

ड्रोन माथ्याकडे सरकत होता. डलसीनं चपला तिथंच टाकल्या आणि खडकाकडे धावत सुटली. म्हातारपणी ही लाज पदरी घ्यायची होती तर. वळसा घालून ती क्लिफ्टनच्या थेट समोर जाऊन उभी राहिली.

क्लिफ्टननं दचकून तोंड फिरवलं, हातानं डोळे झाकले. ड्रोन माथ्याच्या अलीकडे जागच्या जागी घरघरत राहिला. मग डोळे न उघडताच त्यानं चाचपडत बटण दाबलं. ड्रोन माघारी वळला.

"अरे, काय झालं?" डंकन ओरडला.

"सासूबाई समोर आल्यात."

"मग?"

"मग काय. त्या उगाच येतील का? आजचं काम झालं."

डलसी मान खाली घालून घरी गेली. दिवसभर तिला अन्न गोड लागलं नाही. जावयासमोर उभी राहिलेली सासू, आता बाया काय म्हणतील?

संध्याकाळी लेक आली. तिच्या हातात कांगारूची जाड शेपटी होती, मानाच्या माणसाला द्यायचा वाटा.

"त्यानं पाठवलीय. म्हणाला, आईला सांग, मी काहीच बघितलं नाही."

भाजायला निखाऱ्यांत शेपटी पुरताना डलसीला रडू आवरेना.