रिकामं आहे, मी पाहिलंय

रविवारी सकाळी आमच्या घरातलं जेवणाचं टेबल आईच्या पिस्तुलाचं असायचं. आम्ही बाकीच्यांनी चहा उभ्याने प्यायचा, नाहीतर खिडकीच्या कट्ट्यावर बसून.

आई रोकड नेणाऱ्या गाडीवर पहारेकरी होती. बँकेतून पेट्या निघायच्या, गाडीत चढायच्या, दुसऱ्या बँकेत उतरायच्या, आणि या सगळ्या चढउतारात आई दाराशी उभी. उंचीने ती बेताचीच. कमरेला पिस्तूल लावून निघाली की बाबा म्हणायचे, "आधी पिस्तूल जातंय, मागून ही जातेय." बाबा शिंपी होते. त्यांचं मशीन त्याच खोलीत, खिडकीपाशी. जन्मभर त्यांनी सुईपेक्षा धोकादायक काही हातात धरलं नाही, आणि धरायची इच्छाही नव्हती. पण आईला पिस्तूल पुसायला लागणारे मऊ कापडाचे चौकोन तेच कापून द्यायचे, आणि कडा दुमडून शिवायचे, कारण सुटा धागा आत अडकलेला आईला खपत नसे.

साफसफाईच्या आधी आमच्याकडे एक विधीच होता म्हणा ना. गोळ्यांचा डबा स्वयंपाकघराच्या वरच्या फळीवर. पिस्तुलाचं तोंड कोपऱ्यातल्या वाळूच्या बादलीकडे. बोट चापापासून लांब. मग आई मुठीतलं मॅगझिन, म्हणजे गोळ्यांची ती पट्टीसारखी डबी, काढून बाजूला ठेवायची. त्यानंतर वरचा सरकता भाग मागे ओढून तिथेच अडकवायची, आणि नळीच्या मागे जिथे गोळी बसते त्या घरात डोकावायची. डोकावून झालं की करंगळी घालायची. मग म्हणायची, "रिकामं."

हा क्रम उलटा केलेला चालत नसे. आधी वरचा भाग ओढला आणि मग मॅगझिन काढलं, तर खालून नवी गोळी वर चढून बसते आणि आपण आपले खूश, की झालं रिकामं. "मॅगझिन हातात आलं की माणूस निर्धास्त होतो," आई सांगायची, "आणि एक गोळी वर बसून हसत असते."

पण खरा विधी पुढेच होता. आईने रिकामं म्हटलं तरी ते रिकामं धरायचं नाही. खोलीत जो कोणी मोठा माणूस असेल त्याने येऊन स्वतः पाहायचं आणि स्वतः म्हणायचं. बाबा मशीनवरून उठून चष्मा कपाळावरून नाकावर ओढत, मान लांब करत, "रिकामं गं बाई, रिकामं, मला शर्टाची कॉलर लावायचीय" म्हणत. मी मोठी झाल्यावर माझा नंबर लागला. आमची आत्या एकदा राहायला आली, तर तिलाही सुटका नाही.

"अगं वहिनी, मला काय कळतंय त्यातलं?"

"गोळी दिसते का नाही, एवढं सांगा."

"नाही दिसत."

"मग करंगळी घाला."

"करंगळी अडकली तर?"

"तर रात्रीपर्यंत काढू."

आत्या त्यानंतर रविवारची यायची बंद झाली.

आता मूळ गोष्ट. बसथांब्यासमोर घड्याळदुरुस्तीचं एक दुकान होतं, कपाटाएवढं. त्यात एक तरुण घड्याळजी डोळ्याला भिंग लावून बसायचा. माझं घड्याळ छान चालायचं, तरी मी ते सारखी त्याच्याकडे न्यायचे. तोही ते उघडायचा, आत पाहायचा, बंद करायचा आणि म्हणायचा, "परत घेऊन या, लक्ष ठेवायला हवं." एवढ्यावरून दोघांनाही काय समजायचं ते समजलं.

माणूस गुणी होता. खोट एकच. कोणालाही नाही म्हणता यायचं नाही. गिऱ्हाईक म्हणालं घड्याळ पाण्यात पडलं नाही, की हा "नसेलच पडलं" म्हणायचा आणि आतलं पाणी टिपायला घ्यायचा. आईच्या कानावर हे गेलं तेव्हा तिने त्याचं नावच पाडलं, होयबा.

"तुझा होयबा येऊ दे रविवारी," ती म्हणाली. "बघू तरी."

तो आला. केस पाण्याने चापून बसवलेले, हातात बिस्किटांचा पुडा. टेबलावर पिस्तूल पाहिलं आणि पुडा कुठे ठेवावा ते त्याला कळेना. बाबांनी तो काढून घेतला आणि लगेच फोडला.

आईने त्याच्यासमोर एकदा सगळं सोडवून दाखवलं आणि परत जोडलं. मग पिस्तूल बादलीकडे तोंड करून त्याच्यापुढे ठेवलं.

"घड्याळजी ना तुम्ही? करा बघू. रिकामं आहे, मी पाहिलंय."

"तुम्ही पाहिलंय म्हणजे प्रश्नच नाही, काकू," तो म्हणाला, आणि बाह्या सारून कामाला लागला.

काय सांगू ते हात! मॅगझिन काढलं. कडेचा खटका खाली फिरवला, वरचा भाग पुढे सरकवून अलगद उतरवला. स्प्रिंगवर अंगठा असा ठेवला की ती उडायचं विसरली. आईची स्प्रिंग वर्षातून एकदा तरी बाबांच्या कपड्यांत जाऊन पडायची. नळी काढून त्याने मागच्या बाजूने ब्रश घातला, पुढून बाहेर काढला, मग कापड, मग कोरडं कापड, आणि कापडावर काळं उमटायचं थांबेपर्यंत दम धरला. तेलाचा थेंब त्याने सुईच्या टोकावर घेतला, घासणाऱ्या जागांवर तेवढा टेकवला. सगळे भाग उतरवले त्या ओळीत कापडावर मांडलेले, आणि शेवटचा उतरवलेला पहिला आत. जोडून झाल्यावर वरचा भाग मागेपुढे करून पाहिला. मऊ आवाज झाला. बाबांनी बिस्किटाचा हात मांडीला पुसून टाळी वाजवली.

आईने चहा संपवला. कप खाली ठेवला.

"हात फार सुरेख आहेत तुमचे," ती म्हणाली. "मुलगी मिळणार नाही."

बाबा म्हणाले, "अगं, काय चुकलं बिचाऱ्याचं?"

"त्याने आत पाहिलं?"

बाबांनी घड्याळजीकडे पाहिलं.

"पण काकू," घड्याळजी कसाबसा म्हणाला, "तुम्ही स्वतः सांगितलंत. तुमच्यादेखत परत उघडून बघायचं म्हणजे तुमच्यावर अविश्वास दाखवल्यासारखं..."

"मग दाखवायचा की! आमच्या गाडीवर एक दाढीवाला होता. त्याला दोस्ताने सांगितलं रिकामं आहे. हा म्हणाला, दोस्त सांगतोय. साहेबांच्या खोलीत बसून पुसायला घेतलं. गोळी साहेबांच्या टेबलातून आरपार, खुर्चीच्या पाठीतून आरपार, भिंतीत. साहेब नेमके हात धुवायला गेले होते म्हणून आजही पेन्शन खातायत. दोस्ताला वाईट वाटू नये म्हणून साहेब मेला असता!"

"चुकलं माझं," तो म्हणाला.

"तेही लगेच कबूल! भांडा की जरा." आई माझ्याकडे वळली. "जो मला नाही म्हणू शकत नाही, तो उद्या कोणालाच म्हणणार नाही. त्याची आई म्हणेल तेही खरं, शेजारी म्हणेल तेही खरं. मग तू काय करशील?"

मी रडायला लागले. बाबांनी कापडाचा एक चौकोन पुढे केला, पिस्तुलाचा. शेवटी आई म्हणाली, "पुढच्या रविवारी आणखी एकदा. त्यानंतर विषय बंद."

तो आठवडा मी त्याला उद्धटपणा शिकवण्यात घालवला. दुकानाच्या फळीला टेकून उभी राहायचे.

"म्हणा, काकू, तुमच्यावर माझा विश्वास नाही."

"काकू, रागावणार नसाल तर..."

"रागावणार नसाल तर नाही! सरळ म्हणा."

"काकू, तुमच्यावर विश्वास आहेच, पण..."

"देवा! अहो, लग्न करायचंय ना माझ्याशी?"

"हो."

"हे बरं पटकन येतं."

मग मी त्याला गिऱ्हाइकांवर सराव करायला लावला. एक गृहस्थ घड्याळ घेऊन आले, म्हणाले, हे पडलंबिडलं नाही हं. घड्याळजीने माझ्याकडे पाहिलं, घाम पुसला आणि म्हणाला, "मी बघितल्याशिवाय मानणार नाही." गृहस्थ तडक घड्याळ उचलून चालते झाले. घड्याळजीचा चेहरा पडला. मी मात्र फळीवर थाप मारून म्हटलं, "वा! असंच!"

रविवार उजाडला. आई त्या दिवशी भलतीच गोड. "या, बसा, चहा घेणार? साखर किती?" ती गोड झाली की मला धडकी भरायची.

तिने पिस्तूल घेतलं, मॅगझिन काढलं, वरचा भाग ओढला, त्याच्यासमोर धरला. "बघा, तुमच्या डोळ्यांदेखत. रिकामं." आणि लगेच बंद करून टेबलावर ठेवलं. "आता तर तुम्हीच पाहिलंत."

त्याने उचललं, तोंड बादलीकडे धरलं, मॅगझिन नाही ना ते चाचपलं, वरचा भाग परत मागे ओढून अडकवला. डोकावला. करंगळी घातली. "रिकामं."

त्याने सोडवायला घेतलं, पुसलं, तेल टेकवलं, जोडलं. आवाज तसाच मऊ. मी सुटकेचा श्वास टाकते तोच आई म्हणाली, "तेवढी आतल्या खोलीतली आमची चावीची घड्याळं बघता का? बरेच दिवस बंद आहेत."

तो उठून आत गेला. मी मागे जाणार तर आईने मला डोळ्यांनीच बसवलं. घड्याळांना चावी दिल्याचा आवाज आला, टिकटिक सुरू झाली, तो बाहेर आला. पिस्तूल होतं तिथेच होतं.

"कोणी हात लावला नाही हं," आई म्हणाली. "मी इथेच होते. द्या ते इकडे, ठेवून देते."

त्याने पिस्तुलाकडे पाहिलं. मग आईकडे. मग माझ्याकडे. बाबांच्या कात्रीचा आवाज थांबला. लालबुंद होऊन तो म्हणाला, "काकू, माझा तुमच्यावर विश्वास नाही."

आणि परत मॅगझिनची जागा चाचपली, परत ओढलं, परत करंगळी. "रिकामं." मग बंद करून, मुठीकडून आईच्या हातात दिलं.

आईच्या तोंडावरचा आनंद मी त्याआधी कधी पाहिला नव्हता. पगारवाढीलासुद्धा नाही. "शाब्बास रे होयबा!" म्हणत तिने पिस्तूल घेतलं आणि तशीच म्यानात सरकवायला निघाली.

"काकू."

"आता काय?"

"तुम्ही पाहिलं नाहीत."

"अरे, तू आत्ताच माझ्यासमोर..."

बोलता बोलता ती थांबली. म्यान एका हातात, पिस्तूल एका हातात. बाबा मशीनवरून उठले, चष्मा नाकावर ओढला, आणि इतक्या वर्षांचं सगळं उट्टं काढत सावकाश म्हणाले, "बाई, दुसऱ्याने पाहिलेलं आपल्याकडे धरत नाहीत. काय?"

आईने तोंड बादलीकडे केलं, पाहिलं, करंगळी घातली. "रिकामं," ती म्हणाली, इतक्या बारीक आवाजात की बाबांनी मुद्दाम परत म्हणायला लावलं. मग मोठ्याने म्हणाली. मग हसायला लागली, ती डोळे पुसेपर्यंत हसली, आणि घड्याळजीला म्हणाली, "काकू म्हणणं पुरे झालं आता. आई म्हण."

"बरं," तो म्हणाला.

"परत होयबा!"

लग्न झालं. आईला आयुष्यभर जावयाचा अभिमान. ते दोघं दर रविवारी टेबलावर बसून एकमेकांवर अविश्वास दाखवायचे आणि त्यांना कोण समाधान वाटायचं. भोगलं मी. मी शिकवलेला धडा या माणसाने पिस्तुलापुरता ठेवला नाही. दाराला कडी लावली म्हटलं की उठून कडी बघणार. शेगडी बंद केली म्हटलं की शेगडी बघणार. नव्या नवलाईत मी चिडून विचारायचे, "माझ्यावर विश्वास नाही का तुमचा?" त्यावर हे अगदी प्रेमाने सांगायचे, "अजिबात नाही."

आज सकाळी भाजीत मीठ घातल्याचं मी सांगितलं. हे काठी टेकत स्वयंपाकघरात गेले, चमचा बुडवला, चाखली, आणि तिथूनच ओरडले, "नाही घातलेलं!"

खरंच राहिलं होतं. मी काही उठले नाही. म्हटलं, "पाहिलंत ना, मग घाला आता तुम्हीच."