कपाटातला नवा फिल्टर

दुपारी बारा वाजून दहा मिनिटांनी हवेतला धूर मोजणाऱ्या मीटरवर आकडा होता शहाण्णव.

दूध उतू जाईल म्हणून बघत बसावं तशी मी त्या आकड्याकडे बघत होते. फरक एवढाच, की मला तो खाली यायला हवा होता. आमचं वरचं घर सागवानी, फळ्याफळ्यांत बोटभर फटी. तिथे धुराला आमंत्रण लागत नाही. म्हणून बाळंतिणीसाठी खालची सिमेंटची खोली. खिडक्यांच्या फटींत शिवणातल्या चिंध्या कोंबल्या होत्या, वरून चिकटपट्टी लावली होती, दाराखाली ओला टॉवेल. कोपऱ्यात हवा स्वच्छ करायचं मशीन पहाटे पाचपासून घोंघावत होतं. पाचला आकडा एकशे दहा होता. सात तासांत चौदा उतरला. या हिशेबानं पंचवीसवर यायला उद्याची रात्र उजाडली असती.

आणि माझ्याकडे होते चार तास.

बाहेर डोंगर नव्हता. मार्च संपत आला की चिआंग माईत डोंगर नसतोच. धुरामागे असेल असं धरून चालायचं.

फोन वाजला. दवाखान्यातून सायपिन, माझी मुलगी. वीस दिवसांपूर्वी तिला मुलगी झाली, तीही सात आठवडे आधी. इतके दिवस पोर काचेच्या पेटीत होती. आज सुट्टी मिळणार होती.

"आई, आकडा दाखव."

"आधी बाळ दाखव."

"आई!"

मी फोन मीटरसमोर धरला.

"शहाण्णव? अगं, डॉक्टर पंचवीसच्या खाली म्हणालेत! तिची फुप्फुसं एवढी एवढीशी आहेत."

"येतोय खाली. तू निघ तर खरी."

"चारला निघणारच आहे. कुठे निघायचं ते तू सांगायचंस. पंचवीसच्या खाली आला तर घरी. नाहीतर विमानतळावर. थानिननं सहा-चाळीसची तिकिटं काढून ठेवलीत, डॉक्टरांची चिठ्ठीही घेतलीय."

थानिन माझा जावई. त्याचं माहेर, म्हणजे त्याच्या आईचं घर, दक्षिणेला त्रांगमध्ये, समुद्राकाठी. विहीणबाईंनी काल एक फोटो पाठवला होता. फोटोत ना समुद्र, ना पाळणा. नुसता मीटर. त्यावर आकडा नऊ, आणि खाली एक हसरं फूल.

बाई चांगली आहे हो. पण त्या फुलाला पाय असता तर मी मोडला असता.

कारण बाळंतिणीचा महिना माहेरचा. आल्याचं पाणी, भाजलेलं मांस आणि चिकट भात, औषधी पाल्याची आंघोळ, आणि रात्री पोर रडली की "दे इकडे" म्हणणारी तिची आजी, म्हणजे मी. हा महिना गेला की पोर थोडी मोठी होते, मग ती सगळ्यांचीच. मला तो महिना हवा होता. उघड सांगते, हवाच होता.

मग मी पहाटेच करायला हवं होतं ते केलं. मशीनच्या तोंडावर तळहात धरला. आवाज विमानाचा, आणि वारा? म्हाताऱ्या मांजरानं फुंकर मारावी तेवढा.

इथे एक कबुली द्यायला हवी. आमच्या गल्लीत या मशीनमधली तज्ज्ञ मीच. शाळा सहावीपर्यंत, पण मशीनसोबतची परक्या भाषेतली पुस्तिका मी शब्द न शब्द शोधून वाचलेली. तिच्यात लिहिलं होतं, फिल्टर साधारण वर्षानं बदला. वर्षानं म्हणजे कधी, तर मला एक झकास युक्ती सुचली: सांगखानच्या दिवशी! तेरा एप्रिलला आमचं जुनं वर्ष, म्हणे एक म्हातारा आणि त्याची म्हातारी, घर सोडून जातं. पहाटे फटाके वाजवून त्याला हाकलतात, घर झाडून काढतात, फाटकंतुटकं बाहेर टाकतात, नवं नेसतात. त्याच दिवशी जुना फिल्टरही बाहेर. विसरायची सोय नाही. मी गल्लीभर सांगितलं, आणि सगळ्या जणी तसंच करायला लागल्या.

मशीनवरचा लाल दिवा जानेवारीपासून लागलेला होता. तो लाल डोळा माझ्या आईला आजारी वाटला म्हणून तिनं त्यावर मोगऱ्याचा गजरा अडकवला. मीही म्हटलं, "राहू दे, तो दिवा नुसते तास मोजतो, घाण मोजत नाही." खरंच आहे ते. पण तासही भरले असतील आणि घाणही, हे काही माझ्या तज्ज्ञ डोक्यात आलं नाही.

मी मागचं झाकण उघडलं आणि फिल्टर ओढून काढला.

गेल्या वर्षी तो तांदळासारखा पांढरा होता. आता कावळ्याचा पंख. कडेला माझ्याच अक्षरात लिहिलेलं: सांगखान. मी बोटांवर हिशेब केला. तेरा एप्रिलला घातला. दहा-बारा दिवस धूर, मग पाऊस आला आणि आभाळ धुतलं गेलं. पुढे चार महिने आम्ही खिडक्या उघड्या टाकून ओल्या हवेत मशीन चालवलं. आणि फेब्रुवारीत खरा धूर आला तेव्हा हा बिचारा आधीच पोट भरून बसलेला. म्हणजे दर वर्षी माझा कोरा फिल्टर पाऊस खात होता, आणि धूर खायला जुना! सगळ्या गल्लीत, माझ्या शब्दावर!

लाज वाटायला वेळ नव्हता. नवा फिल्टर घरातच होता. अडचण एवढीच, की तो आईच्या कपाटात होता, कपाटाला कुलूप होतं, आणि किल्ली आईच्या कमरेला.

आमच्याकडे आजीला उई म्हणतात. सायपिन बोलायला लागल्यापासून मीही आईला उईच म्हणते. उई खामनोई, वय शहात्तर, अंगणात चुलीवर पणतीच्या आंघोळीसाठी पाला उकळत बसली होती.

"उई, किल्ली दे. फिल्टर हवाय."

"तेरा तारखेला."

"आज हवाय, आत्ता!"

"आज अठ्ठावीस मार्च. सोळा दिवसांनी काय मरण येतंय त्याला?" तिनं चुलीत लाकूड सारलं. "जुनं वर्ष घरात बसलेलं असताना नवी वस्तू उघडली, की जुनी पीडा तिच्यात जाऊन बसते. तुझ्या बापानं ती मोटरसायकल अशीच घाईनं आणली."

"सत्तावीस वर्षं चालवली बाबांनी ती!"

"सत्तावीस वर्षं खोकत होती ती."

"उई, सायपिन त्रांगला जाईल."

तिचा हात थांबला. पण उई ती उईच. "मग धू ना तो जुना. तुझी दुपटी धुतली मी, ती काय कमी काळी होती?"

"बाहेरची जाळी धुता येते, ती धुतलीय मी. हा कागदासारखा असतो. पाणी लागलं की आतली वीण सुटते, मग धूर सरळ आरपार. वर ओल राहिली की बुरशी…"

बुरशी. मला युक्ती सुचली. मग पळत आत गेले, तो काळा फिल्टर पिशवीत घातला, आणि पिशवीचं तोंड उईच्या नाकासमोर उघडलं.

उईचं नाक म्हणजे काय, ते आमच्या गावाला विचारा. बाळंतिणीच्या महिन्यात वाईट वास बाधतो, आणि एकदा बाधला की जन्माचा, यावर तिचा देवापेक्षा जास्त विश्वास. माझ्या बाळंतपणात शेजारणीनं आंबवलेले बांबूचे कोंब उकडले होते. त्याला आता अठ्ठावीस वर्षं झाली. अजूनही माझं डोकं दुखलं की उई कुंपणापलीकडे बघून बोटं मोडते.

तिनं एकदाच हुंगलं, आणि तोंड फिरवलं.

"शी! काय मेलंय हे?"

"गेल्या वर्षीचा पाऊस."

"आणि तुझं मशीन हे त्या खोलीत सोडतं?"

"चोवीस तास."

उई उठली. गुडघे धरत उठते एरवी. आज न धरता उठली. "बावळट पोरी, हे आधी नाकाशी धरायचं, मग बोलायचं! माझ्या नातीच्या डोक्यात हा वास घालणार होतीस?" आणि तिनं कमरेची किल्ली सोडली.

कपाट उघडलं. कमरेला नेसायची नवी निळी सिन, घडी न मोडलेली, नवा झाडू, नवी पळी, आणि खाली, चौकोनी खोक्यात, माझा फिल्टर. मी हात घातला तर तिनं चापट मारली.

"थांब. आधी जुनं वर्ष बाहेर काढू."

"उई, सोळा दिवस—"

"आज काढू म्हणते मी! आपलं घर, आपलं वर्ष. पाहुणी आज येतेय, तेरा तारखेला नाही." आणि तिनं कपाटातून फटाक्यांची माळ काढली.

"उई! धूर!"

ती माळेकडे बघत राहिली, मग माळ ठेवली आणि स्वयंपाकघरातलं मोठं पातेलं उचललं. मला पळी दिली. आम्ही दोघी त्या बंद खोलीभोवती पातेलं बडवत फिरलो. "नीघ रे म्हाताऱ्या, नीघ! तुझ्या म्हातारीला घे, गाठोडं घे, खोकला घे!" उई ओरडत होती. मी चौपन्न वर्षांची बाई, पण सांगते, अशी मजा मला कित्येक वर्षांत आली नव्हती.

कुंपणावर शेजारीण उगवली. तीच, बांबूवाली. "काय गं, चोर शिरला का?"

"वर्ष गेलं!" उई ओरडली.

"आज?"

"आमचं गेलं! तुझं बस सांभाळत!"

सव्वाला मी खोकं फोडलं. प्लास्टिक फाडलं (उईला ते ठेवायचं होतं), बाण बघून फिल्टर बसवला, झाकण लावलं, बटण पाच मोजेपर्यंत दाबलं. लाल दिवा विझला. मशीननं जो श्वास सोडला, तो माझ्या केसांपर्यंत आला!

एकोणनव्वद. बहात्तर. मी नाचत होते म्हटलं तरी चालेल. दोनला त्रेपन्न. अडीचला अडतीस. मी दर दहा मिनिटांनी सायपिनला नुसता आकडा पाठवत होते, विहीणबाईंसारखा, फक्त फूल न लावता. तिकडून एक शब्द यायचा: "अजून."

तीनला एकतीस. सव्वातीनला एकतीस. साडेतीनला चौतीस.

चौतीस! मी सगळ्या चिकटपट्ट्या तपासल्या, टॉवेल पुन्हा भिजवला. एवढ्यात दार उघडलं आणि उईचं डोकं आत आलं. "किती झाला?" ती तिसऱ्यांदा विचारत होती, आणि तिसऱ्यांदा तिच्यामागून चुलीचा वास आत आला. मीटर माझ्या डोळ्यांदेखत छत्तीस झाला.

"उई," मी म्हटलं, "धूर तू आहेस."

"मी तुझी आई आहे."

"दोन्ही आहेस. तुझी सिन, तुझे केस, सगळं चुलीत मुरलंय. आणि ती चूल दाराच्या तोंडाशी."

तिनं डोकं मागे घेतलं. पणतीच्या आंघोळीचं पाणी लाकडाच्या चुलीवरच उकळायचं, हे तिच्या आजीपासून चालत आलेलं. मला वाटलं, आता मात्र गेलं. मी खोलीतच थांबले, दार लावून, मीटरसमोर मांडी घालून. बाहेरून आधी राख ओतल्याचा आवाज आला. पाणी नाही, राख. पाण्यानं धूर उठतो हे तिला माझ्याआधीपासून ठाऊक. मग गॅसची टाकी फरशीवरून ओढल्याचा. मग मोरीत तांब्यामागून तांब्या.

तीस. अठ्ठावीस. सव्वीस, चारला दहा कमी. सव्वीस. सव्वीस. अरे ये ना रे बाबा, किती वेळ सव्वीसच राहणार आहेस!

चारला दोन मिनिटं असताना पंचवीस झाला आणि तिथेच बसला. पंचवीसच्या खाली म्हणाले होते डॉक्टर. पंचवीस म्हणजे खाली का?

फोन वाजला.

"आई?"

"एक मिनिट."

"आई, आम्ही गाडीत बसलोय. उजवीकडे घर, डावीकडे विमानतळ. थानिन विचारतोय."

"सांग त्याला, ब्रेकवर पाय ठेव!" मी श्वास रोखून धरला. माझ्या श्वासानं आकडा हलतो असं पुस्तिकेत कुठेही लिहिलेलं नाही, तरी रोखला.

चोवीस.

मी काय ओरडले ते आठवत नाही. मी फोन मीटरसमोर धरला आणि तिकडून सायपिनचा आवाज आला, रडका, हसरा: "थानिन, उजवीकडे! उजवीकडे घे!"

पाचला गाडी आली. सायपिन तोंड झाकून, पोरीला छातीशी लपेटून पळतच आत शिरली, मी दार लावलं. तिनं खोली बघितली, मीटर बघितला, वीस. मग तिची नजर उईवर गेली. उई भिंतीशी उभी होती, न्हालेली, ओले केस बांधलेले, नेसूला ती कोरी निळी सिन, घडीच्या रेघा अजून तशाच.

"उई! नवी सिन? सांगखानला अजून केवढा वेळ आहे!"

"झालं आमचं," उई म्हणाली. "दे इकडे."

आणि माझ्याआधी तिनं घेतली हो पोर! एवढं सगळं मी केलं, आणि आधी तिनं घेतली.

जुना फिल्टर कुंपणाशी पिशवीत बांधून ठेवलाय. संध्याकाळी बांबूवाली येऊन तो बघून गेली, मग घरी जाऊन तिनं स्वतःचं मशीन उघडलं. तिची किंकाळी आम्हाला इथे ऐकू आली. उद्या मला गल्लीभर फिरून सांगायचंय, की माझं चुकलं. फिल्टर धुराआधी, जानेवारीत बदला, आणि धुराच्या दिवसांत महिन्या-दीड महिन्यानं झाकण उघडून बघा. वर्ष कधी जातं ते फिल्टरला कळत नाही, त्यानं किती गिळलं तेवढंच त्याला कळतं. नव्याच्या कडेला मी आजची तारीख लिहिलीय. पावसाळा लागला की तो काढून, गुंडाळून, कोरड्या जागी ठेवायचा. उईच्या कपाटात नाही.

दिवेलागणीला बाळ शिंकलं, एकदाच, मुंगीएवढं.

आम्ही तिघींनी एकदम मान वळवली. बाळाकडे नाही, आकड्याकडे.

अठरा.