साडूचा क्लोज-अप

पडद्यावर पेशंट मारून मारून त्यांचं नावच 'डॉक्टर' पडलं होतं. सिनेमा असो की मालिका, ऑपरेशनच्या खोलीतून बाहेर यायचं, मास्क खाली ओढायचा आणि म्हणायचं, "आम्ही वाचवू शकलो नाही." लगेच कॅमेरा रडणाऱ्यांकडे वळायचा. डॉक्टरांची पाठ साऱ्या देशाला पाठ होती, चेहरा कुणालाच आठवत नव्हता.

त्यांचा साडू मुळात कारकून. निवृत्त होऊन घरी माशा मारत बसला होता, म्हणून डॉक्टरांनीच बोट धरून त्याला सेटवर आणला, गर्दीत उभा केला. आणि हा पठ्ठ्या दोन वर्षांत मालिकेतला सगळ्यांचा लाडका बाप होऊन बसला! रोज संध्याकाळी बायको टीव्हीसमोर म्हणायची, "अहो, आमच्या धाकटीचे मिस्टर किती सहज करतात, नाही?" डॉक्टरांच्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा.

आज दोघं एकाच सिनेमात होते. साडू दगावलेल्या मुलीचा बाप, हे अर्थातच डॉक्टर. पण या वेळी दिग्दर्शिकेनं कबूल केलं होतं, त्यांचाही क्लोज-अप घेऊ. अख्ख्या आयुष्यातला पहिला! डॉक्टरांनी तो आरशासमोर घोटून घोटून तयार केला होता.

आधी साडूचा नंबर लागला. अशा वेळी समोरच्या नटानं कॅमेऱ्याशेजारी उभं राहून आपली वाक्यं मन लावून बोलायची असतात. तो दिसत नाही, पण त्याच्या बोलण्यावरच दुसऱ्याचा चेहरा रंगतो. डॉक्टरांनी मनाशी ठरवलं, बघू या, आता कसा रंगतो ते.

"आम्ही वाचवू शकलो नाही," ते म्हणाले. लाइटचं बिल वाचून दाखवावं तसे.

साडू बघतच राहिला. पाठ केलेलं वाक्य त्याच्या तोंडातच विरलं. हनुवटी थरथरली. "बस? एवढंच?" तो पुटपुटला. हे कागदावर नव्हतंच. मेकअपवाली बाई पदरानं डोळे टिपू लागली.

"कट!" दिग्दर्शिका धावतच आली. "डॉक्टर, काय कोरडं बोललात हो, त्यानंच सीन रंगला! आता तुमचा चेहरा दाखवायचाच नाही. नुसता आवाज ठेवू. तुमचा क्लोज-अप राहू दे."

साडूनं येऊन त्यांचे दोन्ही हात धरले. "दादा, मुद्दाम केलंत ना? माझ्यासाठी?"

त्या ओल्या चेहऱ्याचा डॉक्टरांना भयंकर हेवा वाटला.

"हो," ते म्हणाले. "मुद्दामच केलं."

घरी पोचले तर बायको दारातच उभी, हातात फोन, डोळे भरलेले. "धाकटीनं सांगितलं सगळं. केवढं मोठं मन हो तुमचं!"

त्यांच्या कामानं तिच्या डोळ्यांत पाणी आलं, ते आज पहिल्यांदाच. आणि नेमक्या त्याच कामात त्यांचा चेहरा नव्हता.