मी वाकड्या रेघेचा दिवा

मी टॉर्चचा बल्ब बोलतोय. अडीच व्होल्टचा, बोराएवढा. जळगावात रिखबचंदशेठच्या दुकानातून मला उखर्डूआबांनी घेतलं. आबा तंत्रशाळेच्या प्रयोगशाळेत शिपाई. त्यांच्या टॉर्चमध्ये माझे दिवस सुखात चालले होते.

१९७१ साली वायरमनच्या परवान्याची परीक्षा आली. धुळ्याहून परीक्षक येणार, आणि नेमकी त्याच सकाळी चहाच्या विजेच्या शेगडीची तार तुटली. पाहुण्याला चहा नाही म्हणजे आबांचं नाक कापलं जाणार. त्यांनी एका टेबलावरची प्रयोगाची नायक्रोम तार काढून शेगडीला जोडली आणि तिच्या जागी मला बसवलं. चहा फक्कड झाला.

ते टेबल नेमकं तोतारामच्या वाट्याला आलं. तोताराम चाळिशीचा. केळीच्या बागांतल्या पंपांची जोडणी करण्यात त्याची हयात गेली, पण परवाना नसल्यामुळे कागदावर सही दुसऱ्याचीच. दोनदा नापास झालेला. ही शेवटची संधी होती.

काम सोपं होतं. व्होल्ट वाढवायचे, प्रवाह किती वाहतो ते मीटरच्या काट्यावर बघायचं आणि कागदावर ठिपके द्यायचे. नायक्रोम तार मोठी शहाणी. व्होल्ट दुप्पट केले की प्रवाह दुप्पट, रेघ सरळ. माझा स्वभाव तसा नाही. गार असतो तेव्हा मी प्रवाह सढळ सोडतो, तापलो की हात आखडतो. व्होल्ट पाचपट झाले, पण माझ्यातला प्रवाह तिप्पटही झाला नाही. तोतारामची रेघ वर जाता जाता वाकली.

शेजारच्या टेबलावरचा हिलाल कुजबुजला, "तोताराम भाऊ, ठिपका खोडी टाक. रेघ सरळ वढ."

तोतारामने खोडरबर उचललं. कागदाकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. माझ्यापायी या माणसाचं वाटोळं होणार होतं. त्याने खोडरबर खिशात टाकलं.

परीक्षकांनी कागद पाहून कपाळाला आठ्या घातल्या. "रेघ वाकडी कशी?"

"साहेब, काटा जठे थांबना तठेच ठिपका दिधा. हाऊ दिवा थंडा शे तवय करंट मोकया सोडस. तपना का हात आखडस. बोट लाईसन देखा."

साहेबांनी खरंच बोट लावलं आणि चटकन मागे घेतलं. मग विचारलं, "पण इथली तार कुठे गेली?"

आबा मान खाली घालून म्हणाले, "शेगडीमा शे साहेब. तुमना चहा कराना व्हता."

साहेब हातातल्या कपाकडे बघून हसले. तोतारामचा वाकड्या रेघेचा कागद त्यांनी इतरांना दाखवला आणि म्हणाले, "पुस्तकातली रेघ कुणीही काढेल. याने बल्बची काढली."

परवाना आला तेव्हा तोतारामने आबांना केळीचा घड दिला आणि मला मागून घेतलं. तेव्हापासून मी त्याच्या हत्यारांच्या पेटीत असतो. परवा माझी तार तुटली. त्याची बायको धुरपदाबाई मला उकिरड्यावर टाकायला निघाली होती, पण त्याने तिच्या हातातून काढून घेतलं. आता मी उजेड देणार नाही. तरी मंडळी, माझी कीव करू नका. तोतारामने पहिल्या पंपाच्या कागदावर स्वतःची सही केली, तेव्हा पंपाच्या अंधाऱ्या कोठीत त्याच्या टॉर्चमधून उजेड मीच धरला होता. सही करून त्याने कागद माझ्याजवळ नेला आणि आपलं नाव मोठ्याने वाचलं.