मण्यारीचा फोटो

आईच्या पहिल्या स्मृतिदिनाला विहारात सापांची माहिती देणारा फलक लावायचा, ही कल्पना प्रेमची. प्रेम माझा धाकटा भाऊ, लातूरला सरकारी कचेरीत कारकून. शनिवारी दुपारी तो मुदखेडला घरी आला, तांब्याभर पाणी प्यायला आणि म्हणाला, "ताई, तुज्याकडं मन्यारीचा फोटू असंलच की. नेटवर टाकत असतीस ना तू समदं."

फोटो होता. आईला मण्यार चावली हे साऱ्या गल्लीला माहीत होतं. फोटो आहे, हे फक्त मला माहीत होतं.

मी शाळेत शिकवते. लॉकडाऊनमध्ये मला हा नाद लागला. एक संकेतस्थळ आहे. झाड, किडा, पक्षी, साप, जे दिसेल त्याचा फोटो तिथं टाकायचा, आपल्याला वाटतं ते नाव लिहायचं. मग कुठले कुठले जाणकार येऊन दुजोरा देतात, नाहीतर चूक दाखवतात. माझ्या अकराशे नोंदी झाल्या होत्या आणि चूक क्वचितच निघायची. त्याचा मला गर्व होता. हो, गर्वच, उगाच दुसरा शब्द कशाला शोधू? आईनं चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या रानात खुरपलं. ती शेजारच्या साखराबाईंना सांगायची, "आमच्या लुंबिनीला समद्या पाल्याची नावं इंग्रजीत येत्यात."

गेल्या श्रावणात एका सकाळी आईनं अंथरूण काढताना मला हाक मारली. जमिनीवर काळा साप पडला होता, अंगावर पांढरे पट्टे. एक टोक गोधडीत, दुसरं ज्वारीच्या पोत्याखाली.

"मन्यार हाय गं ही," आई म्हणाली. "पहाटं हाताला मुंगी चावल्यागत झालं मला."

मी फोटो काढला आणि मोबाइलवर माहिती उघडली. कवड्या आणि मण्यार दिसायला सारखेच. कवड्या बिनविषारी. त्याचे पट्टे मानेकडं ठळक आणि शेपटीकडं पुसट. मण्यारीचं नेमकं उलटं. पोत्याकडच्या बाजूला पट्टे ठळक होते, म्हणून तिकडं डोकं असणार असं मी धरलं. ती शेपटी होती. घरात निघतो तो बहुतेक कवड्याच, असं आदल्याच आठवड्यात वर्गात सांगून आले होते. नाव मनात आधीच ठरलं होतं, डोकं मी नंतर ठरवलं.

"आई, तुला काय कळतंय? कवड्या आहे हा. चावला तरी काही होत नाही," मी म्हणाले आणि मोबाइल तिच्यापुढं धरला. तिनं चित्राकडं बघितलं, मग माझ्याकडं.

"तू म्हनतीस तर आसंल, बाई. मी कुठं शिकले?"

साप मी काठीनं हुसकून परसातून बाहेर घालवला. फोटो टाकला, नाव लिहिलं, कवड्या. आईनं मला डबा भरून दिला. पोट दुखतंय, एवढं म्हणाली. मी म्हणाले, ओवा खा.

अकराला मुख्याध्यापकांच्या फोनवर साखराबाईंचा फोन आला. आई बोलताना अडखळत होती, डोळे उघडत नव्हती. दवाखान्यात डॉक्टरांनी विचारलं, काही चावलंय का? तेव्हाही मी ठासून सांगितलं, "कवड्या. बिनविषारी." त्यांनी आईच्या पापण्या बोटानं वर केल्या, त्या पुन्हा मिटल्या. मग त्यांनी थेट विषावरचं इंजेक्शन मागवलं. दिवेलागणीला आई गेली.

दुसऱ्या दिवशी मोबाइल बघितला. देवणीच्या शिवलिंग नावाच्या सर्पमित्रानं माझ्या फोटोखाली लिहिलं होतं, "मॅडम, ही मण्यार आहे. घरात कुणाला चावली नाही ना?" वेळ सकाळी नऊ वाजून पाच मिनिटं. तेव्हा मोबाइल पर्समध्ये होता, पर्स कपाटात आणि मी फळ्यापुढं.

प्रेमला मी सांगितलं, झोपेत चावली, कुणी बघितलीच नाही, लक्षणांवरून डॉक्टर मण्यार म्हणाले. तेव्हापासून तो माझीच समजूत घालायचा. "कुनाच्या नजरंला पडली असती तर वाचली असती आई. तुजा काय दोष, ताई?" प्रत्येक वेळी वाटायचं, आता सांगावं. मग मी चहा टाकायला उठायचे.

पुढं आणखी तिघांनी तिथं मण्यार लिहिलं. पण माझं मत मी मागे घेतलं नाही, म्हणून वर 'ओळख निश्चित नाही' असंच दिसायचं. त्या एका ओळीच्या आडोशाला मी वर्ष काढलं.

आत्ताही दुसऱ्या कुणाचा फोटो देता आला असता. हजारो आहेत. पण त्या फलकापुढं उभी राहून पोरांना मण्यार कशी ओळखायची हे मीच सांगणार होते. मी माझी नोंद उघडली आणि मोबाइल प्रेमच्या हातात दिला.

त्यानं फोटो मोठा केला. कोपऱ्यात गोधडी होती, तिच्यात खाकी तुकडा. तो त्याच्या शाळेच्या चड्डीचा.

"ही तर आईची गोधडी हाय," तो म्हणाला. मग त्यानं तारीख वाचली, वेळ वाचली, खालचं सगळं सावकाश वाचलं.

"आईनं बघितली व्हती?"

"हो."

"काय म्हनली?"

"मण्यार आहे म्हणाली. मी तिला गप्प केलं."

त्यानं मोबाइल पालथा ठेवला आणि पिशवी उचलली. भाकरी केलेल्या होत्या, पण जेवून जा असं मी कुठल्या तोंडानं म्हणणार? दारात तो थांबला, वळला नाही.

"निस्तं तुजं कवड्या काढून भागायचं न्हाई. आईचं नाव लिव्ह तिथं."

तो गेल्यावर मी माझं मत मागे घेतलं. वरची ओळ लगेच बदलली, मण्यार, ओळख निश्चित. खाली मी लिहिलं, 'सर्वांत आधी ओळखणारी पार्वतीबाई, शेतमजूर, मुदखेड. सकाळी पावणेसात.'

शिवलिंगचा प्रश्न वर्षभर तसाच पडून होता. घरात कुणाला चावली नाही ना?

मी उत्तर लिहिलं, 'चावली. माझ्या आईला.'