बिनधुराची आग

“काळा पाहिजे हो, काळाकुट्ट!” रुळाच्या कडेला कॅमेऱ्याशेजारी उभे राहून मुंबईचे साहेब ओरडत होते. “एवढं इंजिन आणि धूर विडीएवढा? पुन्हा घेऊ!”

इंजिनात फावडं धरून उभा असलेला येडू फायरमन आधी हसला. साहेब चेष्टा करतायत असंच त्याला वाटलं. पण ड्रायव्हर शंकरप्पानं रिकामी गाडी दुसऱ्यांदा चढाखाली मागं घेतली, तेव्हा त्याचं हसू मावळलं.

कुर्डुवाडी-बार्शीच्या छोट्या गाडीची कोळशाची इंजिनं आता जाणार, डिझेल येणार, म्हणून साहेब माहितीपट काढायला आले होते. येडूच्या नोकरीचेही तीनच महिने उरले होते. “आमचं मालक शिनेमात येनार,” असं त्याच्या बायकोनं, म्हाळसाबाईनं, रेल्वेच्या चाळीपासून जेऊरच्या माहेरापर्यंत सगळीकडं सांगून ठेवलं होतं. सांगेल नाहीतर काय! तीस वर्षं नवऱ्याचे काजळीचे कपडे धुतले होते तिनं.

“मार की चार फावडी जादा,” शंकरप्पा म्हणाला. “हितं कोन बघतंय?”

“आक्कं सोलापूर बघंल की! काळा धूर म्हंजी कोळसा जळला न्हाय, नुसता उडाला. जलमभर जे केलं न्हाय, तेवढंच बघायचं व्हय लोकांनी?”

जन्मभर म्हणजे, एकदा सोडून. नवा नवा असताना घाईनं ढीगभर कोळसा भट्टीत लोटला होता त्यानं. धुराड्यातून काळे लोट निघाले आणि रुळाकडेच्या शेंद्री गावच्या बायांनी बाभळींवर वाळत घातलेल्या लुगड्यांवर जाऊन बसले. तेव्हाचे ड्रायव्हर गुरुसिद्धप्पा, येडूचे उस्ताद, ड्युटी संपल्यावर त्याला तसंच शेंद्रीला घेऊन गेले, हातात साबणाची वडी दिली आणि म्हणाले, “धू.” शेवटचं लुगडं पिळून होईपर्यंत स्वतः दगडावर बसून राहिले. बाया तोंडाला पदर लावून खिदळत होत्या. पुढं शेडमध्ये तो रिवाजच पडला, धूर काढील त्यानं लुगडी धुवायची. येडूवर पुन्हा ती पाळी आली नाही. थोडा कोळसा टाकायचा, पसरून टाकायचा आणि भट्टीवरची नजर हलवायची नाही. असला फायरमन त्या लाइनीवर दुसरा नव्हता, हे शंकरप्पाही मान्य करायचा.

साहेब तणतणत इंजिनापाशी आले. “काका, धुराशिवाय शॉटला अर्थ नाही. जमत नसेल तर उद्या दुसऱ्या फायरमनला घेतो.”

येडूनं कोळशाच्या ढिगाकडं पाहिलं. म्हाळसाबाईला काय सांगायचं? पण हात काही जादा फावड्याला वळेना.

“घ्या, सायेब,” तो म्हणाला. “पर एकडाव वर या. धूर का न्हाय ते बघून जावा.”

साहेब कुरकुरत वर चढले. येडूनं भट्टीचं दार उघडलं. आत कडेपासून कडेपर्यंत आग सारखी पसरली होती, चुन्यासारखी पांढरी. कुठं ढीग नाही, कुठं भोक नाही. साहेबांनी घाम पुसला, पण नजर हटवली नाही.

“कॅमेरा वर आणा,” ते हळूच म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दुसरा फायरमन घेऊन साहेबांनी हवा तेवढा काळा धूर काढला. संध्याकाळी कुर्डुवाडीत चाळीच्या अंगणात बसून येडू शंकरप्पाच्या तोंडून ते सगळं ऐकत राहिला. त्या दिवशी त्याला जेवण गेलं नाही.

पुढच्या वर्षी सोलापूरच्या एका थेटरात मोठ्या चित्रपटाआधी तो माहितीपट लागला. म्हाळसाबाई ठेवणीतलं इरकल नेसून आली होती. पडद्यावर गाडी आली, काळ्या लोटांनी आभाळ भरलं, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. येडूनं मान खाली घातली.

“तुमी कुटं हायसा?” म्हाळसाबाईनं मोठ्यानं विचारलं. पुढचा माणूस ‘शूऽ’ म्हणाला.

एवढ्यात पडदा पांढराशुभ्र झाला. नुसती आग, कडेपासून कडेपर्यंत. तिच्यावर खालून एक फावडं आलं आणि थोडा कोळसा पसरून गेलं.

“ह्यो बघ, आलो,” येडू म्हणाला.

“तोंड कुटं दिसतंय?”

“तोंड न्हाय. आग बघ. धुराची रेघ तरी हाय का कुटं?”

म्हाळसाबाईनं पुढं वाकून, डोळे बारीक करून नीट पाहिलं.

“न्हाय,” ती म्हणाली, आणि तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला.