डुमर माझीच्या घरातली हंडी

‘डुमर माझी याचा मृत्यू जुनाट आजाराने झाला. दुसऱ्या दिवशी पाहणी केली असता घरात भाताने भरलेली हंडी आढळली. सबब, भूकबळीची तक्रार निराधार आहे.’ मित्रांनो, गटविकास अधिकारी रथ यांचा हा अहवाल भाषेच्या दृष्टीने निर्दोष आहे. दोष फक्त हंडीत आहे.

मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे. कटकच्या बाजारातून बातमीदार हेमांगिनी नायक यांनी मला घेतले आणि पश्चिम ओडिशाच्या धुळीत एकवीस वर्षे खांद्यावर वागवले. लोक त्यांना अपा म्हणत, म्हणजे ताई. दारिद्र्यावरची मंत्र्यांची भाषणे मी टिपली, ती पहिल्या पानावर आली. दरिद्री माणूस बोलू लागला की मात्र संपादकांना जागेची टंचाई भासे. एकदा अपांच्या सत्कारात माझ्यावरही झेंडूची माळ पडली; त्याच आठवड्यात त्यांच्या तीन बातम्या कापल्या गेल्या.

डुमरची सून सुकांती हिला सांत्वन नको होते. भूकबळी उघडकीला आला तरच वाडीची रद्द केलेली रेशनकार्डे परत मिळणार होती, आणि तिची दोन मुले आंब्याच्या कोयींच्या पेजेवर जगत होती.

“ती हंडी तू पाहिलीस?” अपांनी विचारले.

“कुठली हंडी, अपा? सासऱ्याला उचललं तेव्हाच आमची फोडली मी. मेल्या घरात जुनी हंडी कोण ठेवतं? दहा दिवस चूल पेटत नाही. ती बघा खापरं, चिंचेखाली. साहेब आले तेव्हा आम्ही नदीवर होतो. एवढा भात होता, तर जेवायला हाक तरी मारायची.”

अपांनी खापरे पदरात बांधली, रथबाबूंच्या टेबलावर ओतली आणि माझे लाल बटण दाबले.

“यंत्र चालू आहे का?”

“तुमच्यासमोरच दाबलं, रथबाबू. गेल्या वर्षी तुमची आई गेली, तेव्हा घरातल्या हंड्यांचं काय केलंत?”

“फेकल्या. सगळेच फेकतात.”

“मग डुमरच्या घरी कशी राहिली?”

पुढची अकरा सेकंदे नुसता पंखा फिरतो. तीही माझ्याजवळ आहेत.

बातमी छापून आली, कार्डे परत मिळाली. अहवाल मात्र दप्तरात जसाच्या तसा आहे, आणि फितीवरचा आवाज आपला नव्हेच, असे रथबाबू आजही सांगतात. मला वर्तमानपत्राच्या कचेरीत काचेच्या कपाटात बसवून ‘आमचा वारसा’ अशी पाटी लावली आहे. मित्रांनो, माझ्यावरची धूळ पुसू नका. धुळीची मला सवय आहे. फीत तेवढी सांभाळा. तिच्यावर कोणाचेही भाषण भरू देऊ नका. अकरा सेकंदांनंतर त्या खोलीत जे बोलले गेले, ते अक्षरशः असे:

“आमच्या घरी सुतक असतं हो. या लोकांतही पाळत असतील, हे मनातच आलं नाही. तिथे दाणा नव्हता. हंडी मीच पाठवली, माझ्या स्वयंपाकघरातून.”